बालकलाकार मोठा होऊन कॅमेरामन होतो का? होतो, जॅक कार्डिफ बघा

प्रश्न थोडक्यात असा आहे: मुलाने लहानपणी तीन-चार ठिकाणी बालकलाकार म्हणून काम केलंय, आता त्याला अभिनय नको, सिनेमॅटोग्राफी करायचीय. आधी कुणी असं केलंय का, आणि लहानपणीच्या त्या कामाचा कॅमेऱ्यामागे काही फायदा होतो का, की ती वर्षं वाया गेली?

मी स्वतः कॅमेरा डिपार्टमेंटमध्येच आयुष्य काढलंय त्यामुळे थोडं लांबण लागेल, चालवून घ्या.

केलंय, पण असे लोक फार कमी. बालकलाकार पुढे डायरेक्टर झाला हे आपल्याकडे सगळ्यांना माहितीये, महेश कोठारे, सचिन पिळगांवकर, दोघंही लहानपणी पडद्यावर आले आणि मग दिग्दर्शनात गेले. ते समजण्यासारखं आहे, कारण सेटवर पोराला सगळ्यात जास्त दिसतो तो डायरेक्टर, सगळे त्याचं ऐकतात. कॅमेऱ्याकडे जायचं म्हणजे मात्र एकदम तळापासून सुरुवात, क्लॅप धरा, ट्रायपॉड उचला, सिनियरचा चहा आणा. काल ज्याच्या पुढे छत्री धरत होते त्याने आज दुसऱ्याची पेटी उचलायची, हे दहा-बारा वर्षं कौतुक झालेल्या पोराला (आणि खरं सांगायचं तर त्याच्या आईवडिलांना) पचत नाही.

ज्याला पचलं त्यातलं सगळ्यात मोठं नाव म्हणजे इंग्लंडचा जॅक कार्डिफ. रंगीत सिनेमाचं लायटिंग म्हणजे काय हे ज्या थोड्या लोकांनी जगाला शिकवलं त्यातला एक.

१९१४ साली ग्रेट यारमथला जन्म. आईवडील म्युझिक हॉलमधले कलाकार, म्हणजे गाणी, विनोद, नाच असा सगळा मसाला असणारे रंगमंचाचे खेळ करत गावोगाव फिरणारे. त्यामुळे शाळा सतत बदलत राहिल्या आणि शिक्षण यथातथाच. चार वर्षांचा असताना, १९१८ मध्ये पहिल्या सिनेमात काम केलं, पुढे १९२० च्या दशकात आणखी काही मूकपटांत. मोठा स्टार वगैरे अजिबात नव्हता, कामं मिळत होती आणि घरात तोच धंदा होता म्हणून करत होता.

आता मूकपटातलं बालकलाकाराचं काम म्हणजे काय ते समजून घ्या. डायलॉग पाठ करायची भानगड नाही. टेक चालू असताना डायरेक्टर बाजूला उभा राहून ओरडून सांगू शकतो, इकडे बघ, आता रड, आता दार उघड. पोराचं काम एवढंच की सांगितलेल्या जागी जाऊन उभं राहायचं आणि चेहरा द्यायचा. म्हणजे अख्खा अभिनय चेहऱ्यावर आणि चेहऱ्यावर पडणाऱ्या उजेडावर. जुने नट आपली जागा पायाखालच्या खुणेवरून कमी आणि गालावरच्या दिव्याच्या उष्णतेवरून जास्त ओळखायचे, गाल गरम लागला की समजायचं आपण मुख्य दिव्याच्या (त्याला ‘की लाइट’ म्हणतात) उजेडात आहोत, थंड पडला की सरकायचं. आता एलईडी आल्यावर ते गेलं. पण दिवे गरम असण्याच्या काळात ज्याने लहानपणी त्यांच्यासमोर तास तास उभं राहून काढलेत, त्याला प्रकाशाला दिशा असते हे कुणी शिकवावं लागत नाही.

पण इथेच थांबून सांगतो, कार्डिफ मोठा झाला तो बालकलाकार होता म्हणून, असं मी म्हणणार नाही. लहानपणीच्या कामाने त्याला दोन गोष्टी दिल्या असं मला वाटतं. स्टुडिओची भीती गेली, आणि दारं माहितीची झाली. बाकी सगळं त्याने नंतर कमावलंय आणि ते कसं कमावलं हेच तुमच्या मुलाने बघण्यासारखं आहे.

अभिनय सुटला तेव्हा वय चौदा-पंधरा. १९२९ च्या आसपास तो पोऱ्या म्हणून कॅमेरा डिपार्टमेंटला चिकटला. नेमका तो काळ मूकपट संपून बोलपट सुरू व्हायचा होता, सगळ्या इंडस्ट्रीची उलथापालथ. तिथून क्लॅपर बॉय, असिस्टंट, मग ऑपरेटर. लंडनजवळ डेनमला निर्माता अलेक्झांडर कोर्डाचा मोठा स्टुडिओ उभा राहिला तिथे ऑपरेटर म्हणून त्याने बाहेरून आलेल्या एकेका नावाजलेल्या कॅमेरामनच्या हाताखाली काम केलं. ऑपरेटर म्हणजे दिवसभर व्ह्यूफाइंडरला डोळा लावून दुसऱ्याचं लायटिंग बघत बसायचं. कंटाळवाणं वाटतं ना? पण याच्याइतकी चांगली शाळा मी तरी बघितलेली नाही, कारण एकाच चेहऱ्यावर चार वेगवेगळे उस्ताद चार प्रकारे लाइट करताना तुम्ही बघता आणि चूक झाली तर शिव्या तुम्हाला पडत नाहीत.

आणि या सगळ्या काळात एक उद्योग बाजूला चालूच होता, तो म्हणजे चित्रं बघणं. शाळा धड झाली नव्हती पण म्युझियमं पालथी घातली होती. रेम्ब्रांट, व्हर्मीर, काराव्हाज्जो, मग टर्नर आणि इम्प्रेशनिस्ट मंडळी. नुसतं वा वा करत नाही, तर उजेड कुठून येतोय, सावली किती काळी आहे, सावलीत कुठला रंग लपलाय असं बघायचं.

याचा फायदा कसा झाला तो किस्सा आमच्या लाइनीत सगळ्यांना पाठ असतो. १९३६ च्या सुमाराला टेक्निकलर, म्हणजे रंगीत सिनेमाचं तंत्र आणि कॅमेरे पुरवणारी कंपनी, इंग्लंडमध्ये आली आणि त्यांना तिथला एक माणूस निवडून तयार करायचा होता. ऑपरेटर लोकांच्या मुलाखती घेतल्या. बाकीचे बाहेर येऊन सांगतायत की बाबा फार अवघड टेक्निकल प्रश्न विचारतात. कार्डिफची पाळी आली तेव्हा त्याने आत जाऊन सरळ सांगून टाकलं की मी काही टेक्निकल माणूस नाही. मग तुम्हाला काय येतं? तर म्हणाला मी चित्रं बघतो, कुठेही गेलो तरी प्रकाश कसा पडलाय ते बघतो. मग गप्पा रेम्ब्रांटवर गेल्या. निवड त्याचीच झाली.

हा किस्सा ऐकून पोरं लगेच म्हणतात, बघा टेक्निकलची गरजच नाही. तसं नाहीये हो. टेक्निकलर कॅमेरा म्हणजे काय प्रकरण होतं ते ऐका आणि मग ठरवा.

त्या कॅमेऱ्यात एक नाही, तीन निगेटिव्ह एकाच वेळी चालायच्या. लेन्समधून आलेला प्रकाश आत एका प्रिझमवर पडून दोन वाटांनी जायचा, एका वाटेवर हिरव्या रंगाची नोंद घेणारी फिल्म, दुसऱ्या वाटेवर एकमेकींना चिकटून पळणाऱ्या दोन फिल्म, एक लाल आणि एक निळ्यासाठी. लॅबमध्ये त्या तीन नोंदींवरून तीन साचे बनायचे आणि एकाच फिल्मवर एकापाठोपाठ पिवळा, किरमिजी आणि मोरपिशी-निळा रंग जवळजवळ छापल्यासारखा चढवायचा. प्रकाश आधीच वाटून गेलेला, त्यात फिल्म मंद. आजच्या हिशोबात बोलायचं तर आयएसओ (फिल्म किंवा कॅमेरा प्रकाश किती पटकन पकडतो त्याचं माप) दहाच्याही आत. आज तुमच्या मुलाच्या हातातला कॅमेरा सहज ८०० वर चालतो, म्हणजे सहा-सात स्टॉपचा फरक (एक स्टॉप म्हणजे प्रकाश दुप्पट), त्यामुळे आज जिथे एक एलईडी पॅनेल लावून भागतं तिथे तेव्हा आर्क दिव्यांची रांग लागायची. सेटवर उकाडा इतका की नटांचा मेकअप वितळायचा. आणि कॅमेरा विकत मिळत नव्हता, कंपनी भाड्याने द्यायची, सोबत त्यांची माणसं आणि एक कलर कन्सल्टंट. तिचं काम हे बघायचं की कुठे रंग आगाऊपणा करत नाहीये ना. कंपनीला सगळं कसं स्वच्छ, भरपूर उजेडातलं, छान छान हवं असायचं. म्हणजे कार्डिफला मशीनही शिकावं लागलं आणि मशीनवाल्यांशी भांडायलाही. मशीन येत असल्याशिवाय भांडता येत नाही, हे लक्षात घ्या.

१९३७ मध्ये ब्रिटनमधला पहिला टेक्निकलर फीचर आला त्यावर तो ऑपरेटर होता. मग त्याच कॅमेऱ्याची धूड घेऊन प्रवासपट करायला देशोदेशी फिरला, त्यात भारतही आला. दिल्लीवर, इथल्या देवळांवर, रस्त्यावर असे छोटे छोटे रंगीत माहितीपट १९३८ च्या सुमाराचे आहेत. त्या काळातला भारत रंगीत बघायचा असेल तर जरूर शोधा. साहेबाच्या नजरेने बघितलेला भारत आहे, ते खटकतं, पण उन्हाची पकड बघा. स्टुडिओच्या बाहेर, एकही दिवा हातात नसताना सूर्य कुठल्या वेळेला काय करतो हे शिकायला याच्यासारखी नोकरी नाही.

युद्धाच्या काळात त्याने हाच अवजड कॅमेरा समुद्रावर नेला. अटलांटिकमधल्या जहाजी काफिल्यांवरचा सिनेमा, लाइफबोटीत अडकलेले खलाशी, आणि नट कोणी नाही, खरे खलाशी. १९४४ चा 'वेस्टर्न अप्रोचेस'. लाटांवर हलणाऱ्या बोटीत तो धूड कॅमेरा, जिथे नुसतं उभं राहणं मुश्कील. नवशिक्या लोकांना कॅमेऱ्यासमोर कसं सांभाळायचं याचा सराव तिथे झाला असणार, आणि मला वाटतं लहानपणी स्वतः त्या जागी उभं राहिलेलं इथे कामी आलं असेल. हा माझा अंदाज आहे, तसाच घ्या.

खरा ब्रेक मात्र गंमतशीर मिळाला. मायकेल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर या सिनेमे बनवणाऱ्या जोडीच्या 'कर्नल ब्लिम्प'वर (१९४३) कार्डिफ सेकंड युनिटला, म्हणजे मुख्य नटांशिवायचे किरकोळ शॉट घेणाऱ्या तुकडीत होता. काम काय तर भिंतीवर टांगलेल्या शिकारीच्या मुंडक्यांचं लायटिंग. हरणं, रेडे असली मुंडकी भिंतीवर, एकाच्या शिंगाची सावली दुसऱ्यावर पडतेय, नुसती डोकेदुखी. पॉवेल मागे येऊन उभा राहिला, बघत राहिला आणि पुढचा सिनेमा तू कर म्हणाला. सेकंड युनिटचं काम कुणी बघत नाही असं समजून उरकणाऱ्या माझ्या असिस्टंटांना मी हे कायम ऐकवतो.

तो पुढचा रंगीत सिनेमा 'अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ', १९४६. गोष्ट अर्धी पृथ्वीवर, अर्धी वरच्या लोकात. कार्डिफ धरूनच चालला होता की स्वर्ग रंगीत असणार. पॉवेल म्हणाला नाही, उलटं करायचं, सगळ्यांना तसंच वाटतं म्हणूनच उलटं. म्हणून पृथ्वी टेक्निकलरमध्ये आणि वरचा लोक रंग काढून टाकलेला, मोत्यासारखा. त्यातच समुद्रकिनाऱ्याचा एक शॉट आहे, पॉवेलला तिथे नेहमीचा फेड-इन (काळ्या पडद्यातून चित्र हळूहळू उजळत येणं) नको होता, काहीतरी धुक्यासारखं हवं होतं. कार्डिफ पुढे गेला, लेन्सवर हाऽऽ करून श्वास सोडला, काच धुरकटली, आणि कॅमेरा चालू असताना ती वाफ हळूहळू विरत किनारा स्पष्ट होत गेला. लेन्सवर कुणी फुंकर मारली तरी आम्ही फोकस पुलरला (फोकस सांभाळणाऱ्या असिस्टंटला) झापतो, आणि या माणसाने त्याचा शॉट केला!

मग १९४७ चा 'ब्लॅक नार्सिसस'. हिमालयातल्या मठातल्या नन्सची गोष्ट, आणि युनिट हिमालयात गेलंच नाही. सगळं इंग्लंडमध्ये, पाइनवुड स्टुडिओत, आणि थोडी झाडी ससेक्समधल्या एका बागेतली. मागचे डोंगर म्हणजे काळेपांढरे फोटो प्रचंड मोठे करून त्यावर खडूने रंग भरलेले, बाकी काचेवर रंगवलेली चित्रं. आर्ट डायरेक्टर आल्फ्रेड युंगे, त्यालाही यासाठी ऑस्कर मिळालं. आता रंगवलेल्या पडद्यावर आणि समोरच्या खऱ्या माणसावर एकाच उन्हाचा भास करून द्यायचा हे काम कॅमेरामनचं. तेच त्याने केलंय. पहाटेचा गारठा, दुपारचं पांढरं ऊन, संध्याकाळची आग, सगळं दिव्यांनी. (यातला तरुण राजपुत्र म्हणजे आपल्या म्हैसूरकडचा साबू, तोही बालकलाकार म्हणूनच जगप्रसिद्ध झालेला. एका सेटवर दोन माजी बालकलाकार, एक कॅमेऱ्याच्या या बाजूला, एक त्या बाजूला.)

यातला एक प्रसंग तुमच्या मुलाला दहा वेळा बघायला सांगा. अख्खा सिनेमा नन्सच्या मळकट पांढऱ्या कपड्यांत, फिकट भिंतींत चाललाय, रंग मुद्दाम दाबून ठेवलाय. शेवटाकडे सिस्टर रूथ नन्सचा वेश टाकून लाल ड्रेस घालून बसते आणि समोर मुख्य ननच्या भूमिकेतली नटी डेबोरा कर बसलेली असताना आरामात लाल लिपस्टिक लावते. मध्ये मेणबत्ती. इतका वेळ डोळा लालसाठी उपाशी ठेवल्यामुळे ती लिपस्टिक अंगावर येते. आणि मेणबत्तीचं म्हणाल तर त्या मंद फिल्मवर ज्योत फक्त ज्योत म्हणून दिसते, तिचा उजेड तोंडावर येतच नाही, तो दिवा लपवून द्यावा लागतो आणि ज्योतीच्याच जागेवरून आल्यासारखा वाटावा लागतो. रूथच्या चेहऱ्यावर उजेड बघा, मग समोरचीवर बघा. व्हर्मीरसारखा साधा प्रकाश आणि व्हॅन गॉगसारखे हिरवे-लाल भडक रंग डोक्यात ठेवून काम केलं असं त्याने स्वतः सांगितलंय, आणि ते दिसतं. या कामाला १९४८ मध्ये रंगीत विभागाचं ऑस्कर मिळालं. त्याच वर्षी कृष्णधवलचं ऑस्कर दुसऱ्या ब्रिटिश माणसाला, गाय ग्रीनला, आणि पुढे तोही डायरेक्टर झाला.

'द रेड शूज' (१९४८) बद्दल थोडक्यात: बॅलेमध्ये त्याला रस नव्हता, पॉवेलने त्याला बॅले बघायला पिटाळलं, आणि शेवटी पडद्यावरचा सगळ्यात नावाजलेला बॅले त्यानेच शूट केला. नाचणारी उडी मारते तेव्हा वरच्या टोकाला कॅमेऱ्याचा स्पीड शॉटच्या मध्येच बदलून ती क्षणभर हवेत तरंगतेय असं केलंय. आज हे बटण दाबून होतं. तेव्हा स्पीड बदलला की एक्स्पोजरही, म्हणजे फिल्मवर पडणारा प्रकाशही, बदलणार, ते सांभाळत करायचं.

पुढे हिचकॉकबरोबर लांबच लांब टेक, जॉन ह्यूस्टनबरोबर 'द आफ्रिकन क्वीन'साठी काँगो आणि युगांडा, तिथे पाण्याने जवळपास अख्खं युनिट आजारी. मर्लिन मन्रो, ऑड्री हेपबर्न, सोफिया लॉरेन, सगळ्यांचे चेहरे त्याच्या हाताखालून गेले आणि त्यांचे स्थिर पोर्ट्रेटही त्याने काढले. नट्या त्याच्यावर विश्वास टाकायच्या. समोर उभं राहून आपण कसे दिसतोय हे न कळण्याची जी धाकधूक असते ती त्याला आतून माहिती होती, लहानपणच्या कामाचा खरा उपयोग कुठे झाला असं मला विचाराल तर मी इथे बोट ठेवेन.

१९६० मध्ये त्याने 'सन्स अँड लव्हर्स' दिग्दर्शित केला, बेस्ट डायरेक्टरचं नामांकन मिळालं. कॅमेऱ्यासाठी मात्र त्याने स्वतःऐवजी फ्रेडी फ्रान्सिसला घेतलं आणि ऑस्कर फ्रान्सिसला मिळालं, केवढी गंमत. त्याच वर्षी कार्डिफचाच दुसरा सिनेमा आला ज्यात थिएटरमध्ये खुर्च्यांजवळ नळ्यांतून वास सोडायचे! तो अर्थातच आपटला. पंधरा-एक वर्षं डायरेक्शन केल्यावर १९७० च्या दशकात तो परत कॅमेऱ्याकडे आला आणि दुसऱ्यांच्या हाताखाली काम करू लागला. १९८५ चा दुसरा 'रँबो' त्याने शूट केलाय हे सांगितलं की लोकांना खोटं वाटतं. काही जण याला उतरण म्हणतात, मला नाही पटत. सत्तरीचा माणूस जंगलात, चिखलात कॅमेरा लावतोय, त्याला काम आवडत होतं, बस. २००१ मध्ये मानद ऑस्कर मिळालं, सिनेमॅटोग्राफरला आयुष्यभराच्या कामासाठी ते मिळायची ती पहिलीच वेळ. २००९ मध्ये ९४ व्या वर्षी गेला.

आता तुमच्या मुलाचं. लहानपणचं काम वाया गेलं नाही, पण त्याच्या जोरावर कुणी त्याला कॅमेरा देणार नाही, आणि देऊही नये. ओळखीचा एखादा डीओपी (मुख्य कॅमेरामन) असेल तर त्याच्याकडे तळाच्या कामाला पाठवा आणि पोस्टरवरचा त्याचा जुना फोटो कुणाला दाखवू नका. कॅमेरा विकत घेऊन देण्याची घाई नको. त्यापेक्षा घरात एका खिडकीशी एकाच माणसाला बसवून सकाळी, दुपारी, संध्याकाळी फोटो काढायला सांगा, फोनवर चालतील, फक्त ऑटो एक्स्पोजर बंद करून. खिडकीच्या उलट्या बाजूला आधी पांढरी चादर धरायची, मग काळी, आणि सावलीचं काय होतं ते बघायचं. चादर रंगीत धरली तर सावलीत तो रंग उतरतो हे त्याला स्वतःला दिसू दे, कुणी सांगू नका. आणि अधूनमधून त्याने स्वतः त्या खिडकीत बसावं आणि दुसऱ्याला फोटो काढू द्यावा, ती सवय त्याला आहेच.

सिनेमे बघायचे तर 'ब्लॅक नार्सिसस' आणि 'रेड शूज' आधी, तेही रिस्टोर केलेल्या प्रतीच. 'रेड शूज'ची २००९ मध्ये झालेली उत्तम आहे. यूट्यूबवरच्या धुवट रंगांच्या प्रती बघून टेक्निकलरबद्दल मत बनवू नये. पहिल्यांदा गोष्टीसाठी बघू दे, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. 'रँबो' शेवटी.